युद्धानंतर चित्रकाराच्या हाताचं काय होतं

प्रश्न असा आला आहे: "मी फाइन आर्टच्या शेवटच्या वर्षाला आहे, मूळचा सातारा जिल्ह्यातला. आमच्या गावात चावडीच्या भिंतीवर पहिल्या महायुद्धाची दगडी पाटी आहे. गावातून किती जण गेले आणि किती मेले, एवढंच तिच्यावर कोरलंय. नाव एकाचंही नाही. माझे पणजोबा त्या युद्धात मेसोपोटेमियात होते. या विषयावर मुद्राचित्रांची मालिका करायचं मनात आहे. आधुनिक चित्रकारांनी युद्धाला कसं उत्तर दिलं ते शोधताना जर्मन चित्रकार ओटो डिक्सची एचिंग्ज पाहिली. ती मुद्दाम ओंगळ केल्यासारखी वाटली. फोटो होतेच, मग ही चित्रं कशासाठी? आणि ज्यानं युद्ध पाहिलंच नाही, त्यानं त्यावर काम करावं का?"

तुझा तिसरा प्रश्न सगळ्यांत मोठा आहे, पण त्याच्याकडे पहिल्या दोनांतूनच जावं लागेल.

एचिंग (धातूच्या प्लेटवर ॲसिडानं रेघा खोदून घेतलेला ठसा) आणि वूडकट (लाकूड खणून घेतलेला ठसा) शिकवण्यात माझी 30 वर्षं गेली. या विषयावरच्या पुस्तकांत बहुधा चित्रकारांची वाटणी केलेली असते: कोणी युद्धाचा गौरव केला, कोणी निषेध केला. माहिती खरी असते, पण प्लेट पुढ्यात घेऊन बसलेल्याला तिचा फारसा उपयोग होत नाही. मला जे दिसत आलं ते असं, की युद्धातून गेलेल्या चित्रकाराचा विषय बदलायच्या आधी त्याचा हात बदलतो. शिकून, घोटून जे हातात बसलेलं असतं ते एकाएकी कामाचं राहत नाही, आणि नवा हात यायला वर्षं जातात. म्हणून 'उत्तर' चित्राच्या नावात शोधू नकोस. रेघ कशी ओढली आहे, प्लेट किती वेळ ॲसिडात ठेवली आहे, कुठलं माध्यम टाकून कुठलं धरलं आहे, तिथे बघ.

हे मी अलंकार म्हणून म्हणत नाही. 1915 मध्ये जर्मन चित्रकार किर्शनरनं स्वतःचं चित्र रंगवलं. अंगावर तोफखान्याचा गणवेश, तोंडात सिगारेट, मागे नग्न मॉडेल, आणि वर धरलेला हात मनगटापासून तुटलेला. प्रत्यक्षात किर्शनर आघाडीवर पोचलाच नव्हता. प्रशिक्षणातच तो मनानं कोसळला आणि त्याला घरी पाठवलं. त्याचे दोन्ही हात शाबूत होते. तरी त्यानं रंगवला तो तुटलेला हात. चित्रकाराला कशाची भीती वाटली ते यात सरळ आलं आहे.

त्याआधीची पाचसहा वर्षं आठव. 1909 च्या जाहीरनाम्यात यंत्र आणि वेग यांचं गुणगान करणारे इटलीचे फ्यूचरिस्ट युद्धाला जगाची साफसफाई म्हणत होते. त्यांच्यातला सर्वांत मोठा शिल्पकार-चित्रकार बोच्चोनी 1916 मध्ये लष्करी सरावात घोड्यावरून पडून गेला. निळे घोडे रंगवणारा जर्मन चित्रकार फ्रान्झ मार्क त्याच वर्षी मार्चमध्ये व्हर्दनला मारला गेला; मरण्याच्या काही आठवडे आधी तो तोफा लपवायच्या ताडपत्र्या रंगवत होता. त्याचा मित्र माके तर युद्धाच्या दुसऱ्याच महिन्यात गेला, वय 27. फ्रेंच चित्रकार फर्नां लेजेसारखा एखादाच निराळा. खंदकात राहून तो तोफेच्या उघड्या धातूवर पडलेल्या उन्हानं भारून गेला, आणि 1917 मध्ये त्यानं पत्ते खेळणारे सैनिक नळकांड्यांचे बनवले. तोही हातच बदलला, फक्त दुसऱ्या दिशेनं. सगळ्यांचं उत्तर निषेधाचंच होतं असं धरून चाललास तर लेजे तुला कधीच कळणार नाही.

आता डिक्सकडे येऊ.

ओटो डिक्सचा जन्म 1891 चा. 1915 च्या शरद ऋतूपासून तो पश्चिम आघाडीवर मशीनगन तुकडीत होता. 1916 मध्ये फ्रान्समधल्या सोमच्या लढाईत होता. पुढे रशियाची आघाडी, परत फ्लँडर्स, आणि 1918 च्या उन्हाळ्यात मानेला जखम. त्याला आयर्न क्रॉस हे लष्करी पदक मिळालं होतं. म्हातारपणी तो स्पष्ट सांगे, की मला हे सगळं स्वतः पाहायचं होतं, शेजारचा माणूस एकाएकी पडतो म्हणजे काय होतं ते अनुभवायचं होतं. त्याला निव्वळ शांततावादी करून टाकणं मला पटत नाही.

आघाडीवर असताना त्यानं शेकडो रेखाटनं केली. ती मिळाली तर जरूर बघ. काळ्या खडूची, फुटणारी, कोनाकोनांची, गतीनं भरलेली. म्हणजे तो प्रत्यक्ष खंदकात बसून युद्धाआधी शिकलेल्या भाषेतच चित्र काढत होता. डोळ्यांसमोर ते सगळं चाललेलं, आणि हात मात्र जुना. 'युद्ध' हा एचिंगचा संच आला 1924 मध्ये, युद्ध संपून 6 वर्षं झाल्यावर. मधल्या काळात ड्युसेलडॉर्फला गेल्यावर तिशी ओलांडलेला हा माणूस ॲक्वाटिंटचं तंत्र, म्हणजे प्लेटवर राळेचे कण बसवून ॲसिडानं करड्या छटा मिळवणं, नव्यानं, नीट शिकला. संचात 50 प्लेटा, 10-10 चे 5 भाग, 70 प्रतींची एडिशन. बर्लिनच्या कार्ल नीरेनडॉर्फनं तो काढला.

'ओंगळ' कुठून येतं ते तुला टेबलावरचंच उदाहरण देऊन सांगतो. काही वर्षांपूर्वी आमच्या वर्गातल्या एका मुलीनं आजीचा चेहरा झिंक प्लेटवर केला होता. सुरेख रेघ. राळेची पूड बसवून, प्लेट तापवून ॲक्वाटिंट तयार केला आणि प्लेट नायट्रिकमध्ये सोडली. तेवढ्यात तिला फोन आला आणि ती बाहेर गेली. परत येईपर्यंत ॲसिड राळेच्या कणांखालून शिरलं होतं. कण सुटले. प्रूफ, म्हणजे चाचणीचा ठसा, काढला तेव्हा गालाच्या जागी करडा, ओलसर दिसणारा डाग होता. कडेला शाई धरलेली, मध्ये शाई धरायला काही उरलंच नाही, म्हणून फिकट खळगा. चेहरा विरघळला होता. ती प्लेट फेकायला निघाली. मी तिला थांबवलं आणि पुस्तकातलं डिक्सचं पान उघडून शेजारी ठेवलं. ती बराच वेळ बोलली नाही. मग एवढंच म्हणाली, "सर, यानं हे मुद्दाम केलंय."

हो, मुद्दाम. ज्याला आपण 'प्लेट गेली' म्हणतो ते डिक्सनं हेतुपूर्वक केलं. पुन्हापुन्हा ॲसिडात बुडवून त्यानं धातू सडवला. ॲसिड रेघेला जपत नाही, कातडी आणि चिखल यांत फरक करत नाही. तोफगोळ्यांनी उकरलेल्या जमिनीत माणूस आणि माती एक होतात हे त्याला 'दाखवायचं' नव्हतं. प्लेटवर ते घडवायचं होतं. बापोमजवळच्या जखमी सैनिकाचं पान बघ. कवटीचं पान बघ: डोळ्यांच्या खोबणीतून अळ्या बाहेर येताहेत, टाळूवर केसांचे पुंजके अजून आहेत. यातल्या रेघा सुईच्या आहेत, पण मांस गेलेलं आहे ते ॲसिडानं.

आणि त्याच संचात तो अगदी कोरडाही होतो. गॅसच्या आडून पुढे सरकणाऱ्या हल्लेखोर तुकडीचं पान सर्वांत प्रसिद्ध. पाच सैनिक, गॅस मास्क घातलेले, काटेरी तारेतून आपल्याच दिशेनं येताहेत. एकाचा हात बाँब फेकायला उचललेला. मास्क म्हणजे जवळजवळ कोरा कागद, त्यात डोळ्यांची काळी भोकं. शरीरं गडद. मागे करड्या रंगाचा पातळ थर, बस्स. इथे काहीच सडलेलं नाही. भीती आहे ती त्या पांढऱ्याची. कुठे ॲसिडाला मोकळं सोडायचं आणि कुठे प्लेट झाकून ठेवायची, हा निर्णय पानागणिक वेगळा आहे. 50 पानं एकाच स्वरात ओरडत नाहीत, म्हणूनच ती शेवटपर्यंत बघवतात.

आता फोटोंचं. फोटो होतेच. खंदकांचे होते, प्रेतांचे होते, चेहरे उडालेल्या सैनिकांचे होते. त्याच 1924 साली बर्लिनमध्ये एर्न्स्ट फ्रीडरिशनं तसल्या फोटोंचं पुस्तक काढून खळबळ उडवली. डिक्स स्वतः फोटो बघत होता, स्पॅनिश चित्रकार गोयाची युद्धचित्रं बघत होता, सिसिलीत पालेर्मोच्या तळघरांतल्या वाळलेल्या मृतदेहांची रेखाटनं करत होता. म्हणजे फोटो नव्हते म्हणून त्यानं ही चित्रं काढली असं नाही. पण युद्धानंतर निदान 10 वर्षं त्याला तीच स्वप्नं पडत: पडक्या घरांतून सरपटतोय, अंग घुसणार नाही अशा बोळांतून वाट काढतोय. फोटो त्या क्षणाचा असतो. ही स्वप्नं त्या क्षणानंतरच्या सगळ्या रात्रींची होती, आणि तिथे कॅमेरा नेता येत नाही. डिक्सची पानं आघाडीवरची नसून परत आल्यानंतरची आहेत, हे धरून ती पुन्हा बघ.

लोकांना ती सोसवली नाहीत, ते सांगायला हवं. याच काळातलं त्याचं मोठं तैलचित्र 'खंदक' 1923 मध्ये कलोनच्या संग्रहालयानं घेतलं. एवढा गदारोळ झाला की ते पडद्याआड ठेवावं लागलं, आणि शहराचे महापौर कॉनराड आडेनाउअर, म्हणजे पुढे पश्चिम जर्मनीचे चॅन्सेलर झाले तेच, यांनी खरेदी रद्द करवली. 1933 मध्ये नाझींनी डिक्सला ड्रेस्डेनच्या अकादमीतून काढलं, 1937 मध्ये ते चित्र 'अधोगत कला' म्हणून टिंगलीसाठी मांडलं. पुढे ते नाहीसं झालं. आज त्याचा फक्त फोटो उरला आहे.

तिसऱ्या प्रश्नासाठी केटे कोल्विट्झकडे जावं लागतं. तिनं खंदक पाहिला नव्हता.

ती 1867 ची. युद्धाआधीच ती जर्मनीतली नावाजलेली एचिंग करणारी होती. विणकरांचं बंड, शेतकऱ्यांचं युद्ध हे तिचे संच तंत्राच्या दृष्टीनं आजही आम्ही शिकवायला घेतो. 1914 मध्ये तिचा धाकटा मुलगा पेटर 18 वर्षांचा होता. स्वयंसेवक म्हणून जायला त्याला वडिलांची परवानगी लागत होती. डॉक्टर असलेले वडील नको म्हणत होते. आईनं मुलाची बाजू घेतली आणि नवऱ्याचं मन वळवलं. ऑक्टोबरमध्ये बेल्जियममध्ये डिक्समाउडंजवळ पेटर मारला गेला.

हे वाक्य मी दरवर्षी वर्गात सांगतो आणि दरवर्षी मला क्षणभर थांबावं लागतं. तिच्या कामातलं दुःख नुसत्या मुलगा गमावलेल्या आईचं नाही. आपणच हो म्हटलं होतं, हे तिच्या प्रत्येक कापणीत आहे.

तिनं आधी एचिंग करून पाहिलं. जमेना. लिथोग्राफ, म्हणजे दगडावरून छापलेले ठसे, केले, तेही टाकले. विचार कर, एचिंगवर जिचं नाव झालं होतं तिलाच एचिंग पुरेना. 1920 मध्ये जर्मन शिल्पकार बार्लाखचे वूडकट पाहिले आणि पन्नाशी ओलांडलेल्या या बाईनं पहिल्यांदा लाकूड हातात घेतलं. एचिंगमध्ये करड्याच्या पंचवीस छटा मिळतात, खोडता येतं, घासून पुन्हा करता येतं. लाकडात एकदा खणलं की भरून निघत नाही. काळं किंवा पांढरं, मधलं काही नाही. 'युद्ध' या तिच्या संचात 7 वूडकट आहेत, 1921-22 चे. त्यांत रणांगण नाही. बंदूक नाही. 'स्वयंसेवक' या पानावर मृत्यू ढोल वाजवत पुढे चाललाय आणि तरुण मुलं भारल्यासारखी त्याच्यामागे. मृत्यूला सर्वांत जवळ असलेला मुलगा पेटर आहे. 'आईवडील' या पानात दोघं गुडघ्यांवर एकमेकांत कोसळलेली, मिळून एकच काळा दगड झालेली. 'आया' या पानात बायका एकमेकींना घट्ट धरून उभ्या, मध्ये मुलं. 'बलिदान' हे पहिलं पान: उघडी आई, डोळे मिटलेले, दोन्ही हातांनी तान्हं मूल पुढे धरलेलं. ती देते आहे, आणि देताना बघत नाही. स्वतःबद्दल यापेक्षा निर्दय चित्र मला माहीत नाही.

पेटरच्या थडग्यावरच्या शिल्पाचं काम तिनं 1914 च्या डिसेंबरमध्येच मनात घेतलं होतं. तेव्हा त्यात मुलाची आकृती होती. 1919 मध्ये काम सोडून दिलं. पुन्हा हाती घेतलं तेव्हा मुलगा निघून गेला होता, फक्त आईबाप उरले. 1932 मध्ये ते बेल्जियममधल्या दफनभूमीत बसवलं; आता व्लाड्सलोला आहे, जिथे 25 हजारांहून जास्त जर्मन सैनिक पुरले आहेत. दोन वेगळे चौथरे. बाप ताठ, दोन्ही हातांनी स्वतःलाच आवळून धरलेला. आई वाकलेली. एकमेकांकडे कोणी बघत नाही. पेटरचं नाव बापासमोरच्या फरशीवर, इतरांच्या नावांत. 1914 ते 1932, 18 वर्षं. पेटर जगला तेवढीच.

तर पाहिलेलं नसताना करावं का? गोयानं आपल्या एका प्लेटखाली लिहिलं, 'हे मी पाहिलं'. ते एक प्रमाण. पण 1937 च्या एप्रिलमध्ये स्पेनमधल्या गेर्निका गावावर बाँब पडले तेव्हा पिकासोही तिथे नव्हता, पॅरिसमध्ये वर्तमानपत्र वाचत होता. त्यावर त्यानं केलेल्या पावणेआठ मीटर रुंदीच्या कॅनव्हासवर रंग फक्त काळा, पांढरा, करडा. कोल्विट्झकडेही बातमीच आली होती. फरक एवढाच, की बातमी ज्या घरात आली तिथेच ती उभी राहिली. तिनं खंदकाची कल्पना रचली नाही. माझा निकष तोच आहे: जिथे युद्ध तुझ्यापर्यंत पोचलं, तिथून काम कर. त्यापुढे जाऊन दुसऱ्याच्या जखमा सजवू नकोस.

आपल्याकडे हे कसं पोचलं त्याची वाट मला फार प्रिय आहे. 1931 मध्ये शांघायला लू शुन या लेखकाच्या तरुण मित्राला, रौ शीला, गोळ्या घालून मारलं. त्याची आई गावी, जवळजवळ आंधळी. मुलगा शहरात काम करतोय अशीच तिची समजूत. लू शुननं शोकलेख छापण्याऐवजी कोल्विट्झचं 'बलिदान' मासिकात छापलं. पुढे 1936 मध्ये तिच्या मुद्राचित्रांचा संग्रहच काढला. चिनी तरुणांनी लाकूड धरलं, कारण लाकडाला प्रेस लागत नाही, पैसे लागत नाहीत, चमच्यानं घासूनही ठसा निघतो. ते चिनी वूडकट बंगालच्या कम्युनिस्ट चित्रकारांपर्यंत आले.

1942 मध्ये जपाननं ब्रह्मदेश घेतला, तिथला तांदूळ बंद झाला, शत्रूच्या हाती पडू नयेत म्हणून सरकारनं बंगालच्या खेड्यांतल्या होड्या काढून घेतल्या, आणि 1943 चा दुष्काळ पडला. आघाडी बंगालच्या पलीकडे होती, पण लाखो माणसं मेली ती युद्धानंच. त्या चित्रकारांतला चित्तप्रसाद मिदनापूर जिल्ह्यात पायी हिंडला आणि शाई-ब्रशनं रेखाटनं केली. त्या रेखाटनांच्या पुस्तिकेच्या 5000 प्रती इंग्रजांनी जप्त करून जाळल्या. पुढे हा माणूस मुंबईत आला आणि अंधेरीत राहून वर्षानुवर्षं लिनोकट, म्हणजे लाकडाऐवजी लिनोलियम खणून घेतलेले ठसे, करत बसला. मुंबईच्या कलाशाळांत शिकणाऱ्या किती मुलांना हे ठाऊक असतं? ठाऊक असायला हवं, कारण कोल्विट्झची काळी-पांढरी कापणी इथे मुंबईत त्याच्या खोलीत चालू होती.

चित्रकार सोमनाथ होरही बंगालचाच, चितगावच्या भागातला, जपानी बाँबहल्ल्यानंतरची माणसं पाहिलेला, दुष्काळ रेखाटलेला. त्याला योग्य हात मिळायला जवळजवळ 30 वर्षं लागली. 1970 च्या दशकात शांतिनिकेतनात त्यानं 'जखमा' केल्या. माती किंवा मेणाच्या पत्र्यावर चाकूनं चिरायचं, तापल्या सळईनं भोसकायचं. त्याचा सिमेंटमध्ये साचा घ्यायचा. त्यात कागदाचा लगदा दाबायचा. शाई नाही. पांढऱ्या कागदावर पांढरीच जखम, उजेड तिरपा पडला तरच दिसते. मी विद्यार्थ्यांना आधी डिक्सचं पान दाखवतो, मग हे. बोट लावावंसं वाटतं आणि लावता येत नाही.

आता तुझ्या पाटीचं. पणजोबांना खंदकात उभं करून चित्र काढायची घाई करू नकोस. तुझ्यापर्यंत जे पोचलंय ते म्हणजे नाव नसलेला आकडा, भिंतीतला. तिथून सुरू कर. या सुट्टीत पातळ पण चिवट कागद घेऊन जा. ग्रामपंचायतीला विचार, पाटी ओल्या फडक्यानं पूस आणि पूर्ण वाळू दे. कागद चारही कडांनी पट्टीनं चिकटव, सरकू देऊ नकोस. मग मेणाचा काळा खडू आडवा धरून, जोर न लावता, वरून खाली घासत ये. एका जागी रेंगाळलास तर कडा बुजतात. पाटी कोरीव असेल तर दगडाचं अंग काळं उमटेल आणि खणलेली अक्षरं, तो आकडा, कागदाचे पांढरेच राहतील. दोन-तीन प्रती काढ. एक प्लेटच्या टेबलासमोर लाव आणि महिनाभर तिच्याकडे बघत इतर काम कर. पहिला प्रूफ निघाला की मला पाठव, आणि कागद कुठला वापरलास तेही लिही.